सागरी घोरपड

"बाई, हे तुमीच लिवलं ना?"

रविवारची सकाळ होती. मी न्हाऊन ओट्यावर केस पुसत उभी होते आणि फाटकाशी एक बाई उभी होती. चाळिशीच्या आतली, रापलेली, पायांत वेगवेगळ्या जोडांच्या चपला. तिनं पुढं केलेली झेरॉक्स घड्या घालून घालून पार मऊ झाली होती. मी खालची सही पाहिली. 'भाषांतर अचूक असल्याचे प्रमाणित करते. कु. नलिनी गोहोकर, एम.ए. (मराठी).'

"हो, सही माझीच आहे. तुम्ही कोण?"

"मी अनसूया निखाडे, जी. माझ्या मालकाले फॉरेस्टवाल्यायनं नेलं. वारलू निखाडे. आज बारा दिवस झाले. बुधवारी तारीख हाय. वकीलसाहेब म्हनते, ह्या कागदानंच अडकला तो."

मला कागद लगेच आठवला. त्या काळात मी आमच्या तालुक्याच्या कॉलेजात तासावर मराठी शिकवायचे आणि कचेऱ्यांची इंग्रजी कागदपत्रं मराठीत करून द्यायचे. कोर्टात मराठी कागद लागत. भाषांतर करणारी तालुक्यात मी एकटी, त्यामुळं माझा रुबाब काही विचारू नका. माझ्या भाषांतरात एकही इंग्रजी शब्द सापडायचा नाही, अशी माझी ख्याती होती आणि ती मीच पसरवली होती. विद्यार्थी मागून मला 'शुद्धलेखन' म्हणत. मला त्याचाही अभिमानच वाटे.

"यात घोरपड लिवली हाय," अनसूयाबाई म्हणाली. "पर तो दगड होय, जी. माझा मालक मद्राशाकडं चुनखडीच्या खदानीत ड्रिल मारे. तिकडून आनला. दात हायेत त्याले, दगडाचे दात. तीन वर्सं झाले, आमी दाराले टेकन लावतो त्याचं. त्याची कशी घोरपड झाली?"

"तज्ज्ञांनी फोटो पाहून लिहिलंय ते. कलकत्त्याच्या शास्त्रज्ञांचं पत्र आहे. मी फक्त मराठीत आणलं."

"मराठीत आनता आनता काही चुकलं तं नसंल ना, जी? घाईघाईत?"

"माझ्या भाषांतरात चूक नसते," मी म्हणाले.

किती सहज बोलले मी! कुणी दूध सांडलं का विचारावं आणि आपण नाही म्हणावं, इतक्या सहज. तिनं मान हलवली. कागदाची घडी घातली, पोलक्यात खोचली.

"बरं जी. उद्या दहाले भेटाले सोडतेत. सांगते त्याले." आणि ती अकरा किलोमीटरवरच्या तिच्या गावाकडं चालू लागली. पाणी प्या म्हणायचंही मला सुचलं नाही.

ती गेल्यावर मी जेवायला बसले, पण घास उतरेना. तिच्या बोलण्यातला 'दगड' हा शब्द दातात अडकल्यासारखा झाला होता. शेवटी हात धुतले आणि कपाटातून माझी फाईल काढली. प्रत्येक मूळ कागदाची एक प्रत मी ठेवत असे. कलकत्त्याचं पत्र जेमतेम चार ओळींचं होतं, टाइपही फिकट उमटलेला.

मी माझं भाषांतर आधी वाचलं. 'सदर नमुना हा सागरी घोरपडीच्या वर्गातील, नामशेष होत चाललेल्या सरपटणाऱ्या प्राण्याचा डावा जबडा होय.' वाक्य झकास होतं. मग मूळ पत्र वाचलं. एकेका शब्दावर पेन्सिल ठेवत वाचलं, आणि दुसऱ्या ओळीवर पेन्सिल थांबली.

तिथं एक शब्द होता. मोसासॉर. हा मोसासॉर नावाच्या प्राण्याचा डावा जबडा आहे, असं त्या भल्या माणसानं लिहिलं होतं. पुढं त्या शब्दाची ओळख करून दिली होती: समुद्रातला, सरपटणाऱ्यांच्या जातीतला, संपून गेलेला प्राणी, आज जिवंत असलेल्यांपैकी घोरपडीशी त्याचं नातं सर्वांत जवळचं.

माझ्या वाक्यात तो शब्दच नव्हता.

आणि तो का नव्हता हे मला स्वच्छ आठवलं. पत्र घेऊन आले होते रेंज ऑफिसर देवतळे. बाहेर जीप चालूच ठेवलेली. घरातले तिन्ही शब्दकोश मी चाळले, कुठल्याही कोशात मोसासॉर नव्हता. देवतळे म्हणाले होते, "ते लॅटिन नाव असंल मॅडम, जाऊ द्या. प्राणी कोनता तेवढं लिहा." तो शब्द देवनागरीत जसाच्या तसा ठेवता आला असता. पण माझ्या गुळगुळीत मराठी ओळीत तो खड्यासारखा दिसला असता. मग मी त्याच्या ओळखीतूनच प्राणी तयार केला. समुद्रातला आणि घोरपडीच्या नात्यातला, म्हणजे सागरी घोरपड. संपून गेलेला, हे लिहिताना हाताला वर्तमानपत्रातलं सवयीचं वाक्य लागलं. 'नामशेष होत चाललेला.' कॉलेजात वन्यजीव सप्ताहात निबंधांना हेच वाक्य मी पोरांना घालून देत असे.

घोरपड कायद्यानं वाघाच्या रांगेत बसवलेली आहे. तिला मारलं, तिचं हाड जरी घरात सापडलं, तरी जामीन मिळायची मारामार. त्यातून ती नामशेष होत चाललेली! मी त्या माणसाच्या पायात बेडी घातली होती, तीही शुद्ध मराठीत.

सायकल ओट्याला टेकलेली होती. अकरा किलोमीटर म्हणजे तासाभराचा रस्ता. अनसूयाबाई वाटेतच भेटली असती. मी सायकलचं कुलूपसुद्धा काढलं. आणि मग उभी राहिले. काय सांगू? तासापूर्वी मी काय म्हणाले होते? नुसतं तोंडानं सांगून काय उपयोग, आधी नीट कागद हातात येऊ दे, मग ताठ मानेनं जाऊन सांगू, अशी मी माझी समजूत घातली. बुधवारपर्यंत वेळ आहे, असंही म्हटलं. कुलूप पुन्हा लावलं.

सोमवारी ऑफिस उघडायच्या आधी मी देवतळ्यांच्या दारात होते. ते वाईट माणूस नव्हते. हे मुद्दाम सांगते, कारण नंतर लोकांनी सगळं त्यांच्यावर ढकललं आणि मीही काही दिवस ते चालू दिलं.

"साहेब, कागदात चूक झालीये. तो प्राणी घोरपड नाही."

त्यांनी चष्मा वर केला. "मंग काय होय?"

"मोसासॉर."

"ते काय असते?"

"ते... तेच मला नीट माहीत नाही. पण तो आता पृथ्वीवर नाही."

"म्हंजे नामशेष होत चाललेला. तुमीच लिहिलं."

"होत चाललेला नाही. झालेला. पूर्ण संपलेला."

"मॅडम," देवतळे खुर्चीत मागे रेलले. "केस दाखल झाली. कलम तुमच्या वाक्यावर लावलं मी. आता तुमी म्हनता वाक्य चुकलं. उद्या वरचे मले इचारतील, देवतळे, तू दगड पकडून आनला का? मी काय सांगू?"

"पण तो दगडच आहे!"

"मी हातात घेतला तो. जड होता, हे खरं." त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "आठवडी बाजारात कोनी घोरपडीचं तेल विकत होतं. त्याच्या मागावर होतो आमी. कोनीतरी सांगितलं, निखाड्याच्या घरी जबडा हाय. गेलो, तं होता. मी काय शास्त्रज्ञ हाय का? एखाद्या जानकार मानसाचं मराठीत लिहून आना. सहीनिशी. बुधवारी मी सोता कोर्टात ठेवतो. शब्द देतो."

मराठीत लिहून आणा. मला हसू फुटायला हवं होतं, पण डोळे भरून आले. घड्याळात साडेनऊ झाले होते. जेल तिथून दहा मिनिटांवर. दहाला अनसूयाबाई तिथं येणार, हे मला माहीत होतं. मी जेलच्या रस्त्याला न वळता घरी आले आणि चंद्रपूरच्या गाडीची चौकशी केली. गाडी मंगळवारी पहाटेचीच होती.

चंद्रपूरला हेडाऊ सर राहत. भूगर्भशास्त्र शिकवून निवृत्त झालेले, उंच, वाकलेले, भयंकर तापट. आमच्या कॉलेजात असताना त्यांच्या तासाला उशीर झाला तर पोरांना दारातूनच परत पाठवत. फॉरेस्टवाल्यांनी निखाड्याला कसं धरलं ते थोडक्यात सांगून मी त्यांच्या पुढ्यात मूळ पत्र ठेवलं आणि त्याच्यावर माझं भाषांतर ठेवलं. त्यांनी दोन्ही वाचलं. मग माझं भाषांतर पुन्हा वाचलं.

"हे कोणत्या गाढवानं लिहिलं?"

"मी."

ते उठले. आतून पाण्याचा गडवा आणून माझ्यापुढं ठेवला. ती दया मला शिवीपेक्षा जास्त लागली.

"बसा," ते म्हणाले. "मोसा हे एका नदीचं जुनं नाव. युरोपातली नदी. तिच्या काठच्या चुनखडीच्या खाणीत दोनशे वर्षांपूर्वी एक मोठं डोकं सापडलं. सॉर म्हणजे सरपटणारा, आपल्याकडं जुन्या पुस्तकांत सरट म्हणतात. मोसा नदीचा सरट. कळलं? लोक आधी म्हणाले मगर आहे. मग कुणी म्हणालं देवमासा. मग एकानं दात आणि कवटी नीट पाहिली आणि म्हणाला, हा घोरपडीच्या भाऊबंदांतला आहे. तरी त्याला कुणी घोरपड म्हटलं नाही. डोकं सापडल्यापासून नवं नाव द्यायला चाळीसेक वर्षं घेतली त्यांनी. चाळीस! तुम्ही किती घेतली?"

"अर्धा तास."

"जीप चालू असेल बाहेर."

मी मान हलवली.

"आजकाल जो तो त्याला डायनासोरही म्हणतो. तेही चूक. डायनासोर जमिनीवरचे. हा समुद्रात पोहणारा, पायांची वल्ही झालेला, काही काही तर एस.टी.हून लांब. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी शेवटचा मेला. तेव्हा माणूस नव्हता. माणसाचा म नव्हता. आता सांगा, तुमच्या त्या निखाड्यानं त्याला कसा मारला?"

मी रडायला लागले. सर खिडकीकडं बघत राहिले.

"मला एक सांगा, कुणी त्या जबड्याचं वजन केलं? हातोडीनं टक्क करून आवाज ऐकला? एवढ्या सगळ्यांच्या हातांतून तो गेला ना?"

"नाही सर. कागद होता ना."

"हो. कागद होता." त्यांनी टेबलाचा खण ओढला. "शब्द माहीत नसला की तो तसाच ठेवायचा, बाई. वाचणारा अडतो, विचारतो. अडणं चांगलं असतं. तुम्ही कुणाला अडूच दिलं नाही."

मग त्यांनी लिहायला घेतलं. दोन पानं, स्वच्छ अक्षरात. प्रत्येक वाक्यानंतर मला वाचून दाखवत होते आणि विचारत होते, हे मॅजिस्ट्रेटला समजेल? हे त्या फॉरेस्टवाल्याला समजेल? जिथं मोसासॉर शब्द येई, तिथं त्याच्याखाली दोन रेघा मारत होते. नदीची कथा लिहिली, साडेसहा कोटी वर्षं आकड्यात आणि अक्षरात लिहिली. शेवटी लिहिलं, हा नमुना दगड झालेला आहे, कोणत्याही वन्य प्राण्याचा अवयव नाही, गरज पडल्यास मी स्वतः येऊन साक्ष देईन. सही केली, शिक्का मारला. तोवर दुपारचे दोन वाजले होते.

परतीच्या गाडीत मी ती पानं मांडीवर घट्ट धरून बसले होते. पहिल्यांदाच हलकं वाटत होतं. आता थेट अनसूयाबाईच्या गावी जायचं, तिला सगळं खरं सांगायचं, असं मी ठरवलं. ताठ मानेनं नाही तर नाही.

गाडी कोर्टाच्या चौकात थांबते. पाच वाजून गेले होते. कोर्टाच्या आवारात कडुलिंबाखाली अनसूयाबाई बसली होती. एकटी, पाय पसरून, पदर खांद्यावरून घसरलेला. मी धावतच गेले.

"अनसूयाबाई, तुम्ही आज इथं? तारीख उद्या आहे ना? हे बघा मी काय आणलं..."

तिनं माझ्याकडं पाहिलं, पण ओळख यायला तिला वेळ लागला.

"झालं, जी," ती म्हणाली. "कबूल करून टाकलं त्यानं."

"काय कबूल केलं?"

"घोरपड मारली म्हनून. कोठडीतल्या कोनी सांगतलं, कबूल करून अर्ज देल्ला का दंडावर सुटते. वकीलसाहेबाले न इचारता सकाळी अर्ज देल्ला, दुपारी समोर उभं केलं. साहेबानं दोनदा इचारलं म्हनते, समजून-उमजून कबूल करतो का. हा हाव म्हनला." तिनं पदर सारखा केला. "दंडावर नाही सुटत, जी, घोरपडीत. एक वरीस देल्लं."

"पण का? का कबूल केलं? दगड आहे हे त्याला माहीत होतं ना!"

"काल भेटाले गेली तं पह्यले हेच इचारलं त्यानं. बाई काय म्हनल्या? मी म्हनलं, बाई म्हनल्या का त्याहिच्या लिवण्यात चूक नसते." ती सरळ सांगत होती, आवाजात कसलाही ठपका नव्हता. "मंग उगामुगा झाला. काही बोललाच नाही."

मी तिच्यासमोर मातीत बसले. हेडाऊ सरांची पानं हातातच होती. मी तिला सगळं सांगितलं. शब्द कसा गाळला, जीप कशी चालू होती, घोरपड कुठून आली. ती ऐकत होती.

"मंग तुमाले हे कवा समजलं?"

मला खोटं बोलता आलं असतं. चंद्रपूरला आज समजलं, असं म्हणता आलं असतं. तिला कुठं कळणार होतं?

"रविवारी. तुम्ही गेल्यावर तासाभरात."

"आयतवारी," ती म्हणाली. "सोमवारी दहाले मी जेलच्या दारात उभी होती, जी. अकरा वाजेपर्यंत होती."

मी तिचे पाय धरायला वाकले, तर तिनं पाय मागं घेतले. मग उठली, चपला घातल्या आणि निघून गेली.

बुधवारी मी मॅजिस्ट्रेटांपुढं उभी राहिले. देवतळ्यांनी शब्द पाळला, ते माझ्या बाजूला येऊन उभे राहिले आणि कागद त्यांनीच पुढं केला. मॅजिस्ट्रेट तरुण होते. त्यांनी हेडाऊ सरांची दोन्ही पानं वाचली. मग फाईल मागवली, माझं भाषांतर उलटलं आणि त्याच्या मागं टाचलेलं मूळ पत्र वाचलं. ते पत्र पहिल्या दिवसापासून तिथंच होतं. वर मराठी असल्यामुळं कुणी पान उलटलं नव्हतं.

"मोसासॉर," ते स्वतःशीच पुटपुटले. चेहरा उतरला होता त्यांचा. "बाई, हे काल सकाळी आलं असतं तर मी त्याला दुपारी घरी पाठवलं असतं."

"आता पाठवा ना साहेब."

"आता मला माझाच निकाल फिरवता येत नाही. आरोपीनं गुन्हा कबूल केलाय, शिक्षा झालीये. वरच्या कोर्टात जावं लागेल. मी शक्य तेवढं लिहून देतो."

वरच्या कोर्टाचं काय झालं ते आत्ताच सांगून टाकते. हेडाऊ सर तीनदा नागपूरला गेले, देवतळ्यांनी प्रतिज्ञापत्र दिलं आणि त्यापायी त्यांची बदली झाली. मी सगळीकडं उभी राहिले, जिथं विचारलं तिथं 'चूक माझी' म्हणाले. निकाल लागायला आठ महिने लागले. वारलू सुटला तेव्हा त्याच्या शिक्षेचे चारच महिने उरले होते. सुटल्यावर तो घरी आला आणि पुन्हा कुठल्याही खाणीवर गेला नाही. मी भाषांतरं सोडली. आता या गोष्टीला पंचवीस-तीस वर्षं झाली, पण मला सांगायचं आहे ते त्या गुरुवारचं.

गुरुवारी मी जेलमध्ये वारलूला भेटायला गेले. तोवर मी त्याला पाहिलंही नव्हतं. जाळीपलीकडं एक बुटका, काटक माणूस येऊन उभा राहिला. हातांची कातडी चुन्यानं खाल्लेली, बोटांना भेगा. मला बघून त्यानं हात जोडले.

"बसा, बाई," तो म्हणाला. जणू मी त्याच्या घरी आले होते. बसायला काही नव्हतं. मी उभीच राहिले.

मी सगळं पुन्हा सांगितलं, जसं अनसूयाबाईला सांगितलं होतं. या वेळी रडले नाही. त्याच्यासमोर रडायचा मला हक्क नव्हता. साडेसहा कोटी वर्षं म्हणाले तेव्हा त्यानं डोळे बारीक केले.

"तुम्ही का कबूल केलंत?" मी शेवटी विचारलं. "तुम्हाला माहीत होतं ना, ते दगडातून निघालंय?"

"मीच काढला ना, जी. ड्रिलचा आवाज बदलला तवा हात थांबवला. सालभर घासून घासून साफ केला." त्यानं जाळीला बोटं लावली. "पर लहानपनी एक घोरपड मारली होती. बापासंग. खाल्लीबी. कागद वाचला तं वाटलं, सरकारले तेच समजलं असंल. त्यायच्याकडं सारं लिवलेलं असते."

"पण वारलूभाऊ, ती घोरपड आणि हा जबडा..."

"ती इतकुशी होती," त्यानं हातानं दाखवलं, वीतभर. "मले काय समजत नाही का?" त्याच्या आवाजात पहिल्यांदाच राग आला आणि लगेच गेलाही. मग तो म्हणाला, "बाई, आत्ता तुमी नाव घेतलं ना त्याचं. परत घ्या."

"मोसासॉर."

"हाव. तेच. मोसासूर." त्याचा चेहरा उजळला. "खदानीवर एक इंजिनेर साहेब होते. त्यायनं सांगतलं होतं नाव. लय खुश झाले होते, माह्या पाठीवर थाप मारली. मी पाठ केलं होतं. फॉरेस्टवाल्याले सांगतलं, तं हसले. म्हने, राक्षसाचं नाव काहून सांगतो. मंग मी गप बसलो. म्हनलं, शिकल्या मानसाचा कागद येईल, त्यात असंल."

मागून शिपाई म्हणाला, वेळ झाली. वारलू हलला नाही.

"कागद भेटला तवा पह्यले तेच पाह्यलं, जी. सातवी शिकलो मी, वाचता येते मले. एकेका ओळीवर बोट ठेवून पाह्यलं. तीनदा पाह्यलं. नव्हतं. मंग वाटलं, साहेबानं मजाक केली असंल आपली."

शिपायानं त्याच्या दंडाला हात लावला. तो वळला आणि वळता वळता थांबला.

"असतं ना, बाई, तं भांडलो असतो मी."